पुठ्ठ्याचा पासपोर्ट

आमच्या इन्स्टिट्यूटच्या जिन्यात, पहिल्या आणि दुसऱ्या मजल्यामधल्या वळणावर, त्याचा फोटो लावलाय. डोक्यावर डॉक्टरेटची काळी टोपी, ओठांवर हसू. समोर एक मुलगी. दोघांच्या मध्ये एक पासपोर्ट, आणि तो दोघांनीही धरलाय. खाली लिहिलंय की आमचे माजी विद्यार्थी, आता त्यांच्या देशाच्या राष्ट्राध्यक्षांचे विशेष सल्लागार, भेटीला आले तेव्हा. इमारतीत लिफ्ट आहे. पण त्याच्यापायी मी लिफ्टने का जावं? मी रोज जिन्यानेच जातो आणि रोज चिडतो.

मी तालुक्याच्या गावात शिकलो. वडिलांचं एसटी स्टँडसमोर सायकल दुरुस्तीचं दुकान होतं आणि आमच्या घरात पदवीपर्यंत पोचलेला मी पहिलाच. या देशाने, जर्मनीने, ब्राउनश्वाइगच्या या विद्यापीठाने मला जे दिलं त्याबद्दल मी कृतज्ञ आहे. त्याच्याबद्दलही होतो. हे आधीच सांगून ठेवतो, कारण पुढचं सगळं रागाने लिहिणार आहे.

मी पीएचडीला आलो तेव्हा तो इन्स्टिट्यूटमध्ये माझ्याच खोलीत बसायचा, माझ्या दोन वर्षं पुढे होता. पश्चिम आफ्रिकेच्या किनाऱ्यावरच्या एका देशातला, मासे धुरावर सुकवून विकणाऱ्या बाईचा मुलगा, आणि घरातला पहिला पदवीधर. आमचं तिथेच जमलं. पत्त्याची नोंदणी करायला तोच मला घेऊन गेला, पहिल्या थंडीत त्याचाच जुना कोट मी वापरला. प्रोफेसर खोलीत आले की मी उभा राहायचो, शाळेची सवय. तो माझी बाही ओढायचा. "बस रे. माणूस आहे तो, झेंडा नाही."

तेव्हा त्याच्या देशात दुसरे राष्ट्राध्यक्ष होते. त्यांच्याविरुद्ध हा इथल्या चौकात एका छोट्या सभेत बोलला, आणि त्याच्या वकिलातीने त्याचा पासपोर्ट नवा करून द्यायचं थांबवलं. पासपोर्ट नाही म्हणजे जर्मनीतला मुक्काम वाढत नाही. प्रोफेसरांनी पत्रं लिहिली. आम्ही खोलीतले सगळे बर्लिनला जाऊन वकिलातीसमोरच्या फुटपाथवर बसलो. मी पोळीत बटाट्याची भाजी गुंडाळून नेली होती. दाराशी उभ्या असलेल्या रखवालदारालाही एक दिली, आणि तो म्हणाला, उद्या आलात तरी चालेल. शेवटी पासपोर्ट मिळाला.

इथे एक रीत आहे. कुणाची डॉक्टरेटची तोंडी परीक्षा झाली की खोलीतले सहकारी त्याच्यासाठी पुठ्ठ्याची टोपी बनवतात आणि तिच्यावर त्याच्या आयुष्यातल्या वस्तू चिकटवतात. त्याच्या टोपीवर एक होडी होती, हातपंप होता, आणि मी बनवलेला काडेपेटीएवढा पुठ्ठ्याचा पासपोर्ट होता. त्याला मी बॅगेचं खरं, छोटं कुलूप लावलं होतं. ते बघून तो डोळ्यांत पाणी येईपर्यंत हसला. "हे कुलूप मी घरी जाऊन उघडणार," म्हणाला. विमानात न्यायला जमेना म्हणून टोपी प्रोफेसरांच्या कपाटावरच राहिली.

तो खरंच परत गेला. आमच्यातल्या बहुतेकांनी तेवढंही केलं नाही. पाणीखात्यात लागला, एका नळयोजनेतल्या गैरव्यवहाराबद्दल उघड बोलला आणि नोकरी सोडली. निवडणूक हरला, पुढची जिंकला. मग पक्षाचा प्रवक्ता. त्याची भाषणं मी मोबाईलवर बघायचो आणि भेटेल त्याला दाखवायचो. वडील फोनवर विचारायचे, "तुझ्या दोस्ताला आता आमदार म्हणायचं का मंत्री?" पुढे त्याच्या पक्षाचा नेता राष्ट्राध्यक्ष झाला आणि हा त्याचा सल्लागार. मग भाषणं बदलली. परदेशात बसून देशाची बदनामी करणाऱ्या मुलांबद्दल तो बोलायला लागला. बायको भाजी चिरता चिरता म्हणाली, "हे आधी कुठेतरी ऐकल्यासारखं वाटतंय मला." मी म्हटलं, पदावर असलं की बोलावं लागतं. ती म्हणाली, "बरं हो, प्रवक्ते."

फोटोतली मुलगी त्याच्याच देशातली. मी आता शिकवतो त्या गटात पीएचडी करत होती, किनाऱ्यावरच्या विहिरींत समुद्राचं पाणी कसं शिरतं यावर. तिकडे काही विद्यार्थ्यांना तुरुंगात टाकलं तेव्हा ती इथल्या चौकात बोलली. तोच चौक. आणि तिचाही पासपोर्ट वकिलातीत अडकला. विचारलं की एकच उत्तर, काम चालू आहे. मुक्काम वाढत नव्हता म्हणून इन्स्टिट्यूटचा करार वाढत नव्हता. प्रबंध अर्धा टाकून परत जावं लागलं असतं, आणि ज्या विमानतळावर ती उतरणार तिथेच तिला धरलं असतं.

मी तिला म्हणालो, काळजी करू नकोस, आपली ओळख आहे.

फोन केला. "अरे माझ्या भावा," तो म्हणाला, "मी शिष्टमंडळाबरोबर येतोच आहे. बघतो." आता आमच्याकडची समजूत अशी की पुढाऱ्याकडे काम घेऊन रिकाम्या हाताने जायचं नाही. आधी सत्कार, मग काम. म्हणून मीच प्रोफेसरांना सुचवलं की माजी विद्यार्थी एवढा मोठा झालाय, छोटा समारंभ करू या. प्रोफेसर खूश. "गेनाऊ, अगदी बरोबर, आणि ती टोपीही काढू या." हॉल मी ठरवला, फुलं मी आणली. मंच मी माझ्या हाताने बांधला म्हणायला हरकत नाही.

समारंभाआधी तो आमच्या जुन्या खोलीत आला. मिठी मारली, माझ्या पोटावर थाप मारून म्हणाला, "बायको चांगली सांभाळते." टोपी हातात घेऊन फिरवली. मग पुठ्ठ्याच्या पासपोर्टखाली नख घातलं, तो कुलपासकट उपटला आणि माझ्या टेबलावर ठेवला.

"फोटोत बरं दिसणार नाही."

"तुझाच आहे तो," मी म्हणालो.

"तेव्हाचं सरकार वेगळं होतं."

मी तिच्या पासपोर्टचं विचारलं. त्याने कोटाच्या खिशावर हात ठेवला. "आणलाय की. शब्द म्हणजे शब्द. मंचावर देतो. ती मला फुलं देईल, मी तिला पासपोर्ट देईन."

"आत्ता दे ना. ती बाहेरच उभी आहे."

"आत्ता दिला तर कुणाला कळणार?" तो मला समजावत होता, पूर्वी गणिताचं काही अडलं की समजवायचा तसा. "तिच्या दोस्तांना दिसू दे की सरकार कुणाचं वाईट करत नाही."

चौथीत असताना मला एका पुढाऱ्याच्या हस्ते गणवेश मिळाला होता. फोटोवाल्याला उशीर झाला म्हणून मी मंचावर तो गणवेश हातात धरून उभा होतो, आणि पुढाऱ्याचा हातही त्यावर होता, सोडतच नव्हता. दुसऱ्या दिवशी पेपरातला तो फोटो वर्गात सगळ्यांनी बघितला. आई म्हणाली, मिळाला ना गणवेश, मग गप्प बस. वडिलांनी मात्र त्या पेपरात कुणाला सायकलचे भाग बांधून दिले. ही गोष्ट मी त्याला याच खोलीत, याच टेबलाशी बसून सांगितली होती.

बाहेर येऊन मी तिला सगळं सांगितलं. नको म्हण, असं मी म्हणू शकलो नाही. नको म्हणायची किंमत मी नाही, तिने मोजायची होती. तिने खिडकीबाहेर बघितलं आणि विचारलं, "फुलं कुठली आणलीत?"

"ट्यूलिप."

"चालेल. गुलाब असते तर दिले नसते."

ती मंचावर गेली, फुलं दिली. त्याने पासपोर्ट पुढे केला, तिने धरला, आणि फोटो होईपर्यंत त्याने सोडला नाही. टाळ्या वाजल्या. पहिल्या रांगेत प्रोफेसर सगळ्यात जोरात वाजवत होते.

संध्याकाळपर्यंत तो फोटो तिच्या देशातल्या फोनांवर फिरत होता. वाट चुकलेली लेक परत आली, अशा ओळीसह. तिच्याबरोबर चौकात उभ्या राहिलेल्या मुलींनी तिला आपल्या ग्रुपमधून काढलं. त्यांतल्या एकीचा भाऊ अजून तुरुंगात आहे. हे ती मला मेन्सात, म्हणजे विद्यापीठाच्या खानावळीत, ताटातले बटाटे एका बाजूला सारत सांगत होती. "तिला काय सांगू? मला मुक्काम हवा होता म्हणून?"

मी त्याला फोन केला. जे तोंडात येईल ते बोललो. विश्वासघात म्हणालो, बर्लिनचा फुटपाथ काढला, माझ्या पोळ्याही काढल्या, राग आला की माणूस काहीही काढतो. त्याने ऐकून घेतलं. मग शांतपणे म्हणाला, "तिचं काम झालं ना? तुमच्याकडे असंच होतं म्हणून तूच सांगायचास."

माझी गणवेशाची गोष्ट तो विसरला नव्हता. त्याने ती वापरली. मी फोन ठेवला, आणि त्यानंतर त्याचा फोन आजपर्यंत उचलला नाही.

जिन्यातला फोटो काढा म्हणून मी प्रोफेसरांना सांगितलं. ते भले गृहस्थ आहेत, मी जो काही आहे त्यात त्यांचा मोठा वाटा आहे. "पण तिला पासपोर्ट मिळाला ना?" ते म्हणाले. "सगळ्यांचं भलंच झालं." मी त्यांना गणवेशाचं सांगायला लागलो आणि अर्ध्यात थांबलो. ज्याला शाळेत मंचावर उभं करून कधी काही दिलं गेलं नाही त्याला हे कुठल्या भाषेत सांगायचं? फोटो तिथेच आहे.

मागच्या महिन्यात तिची तोंडी परीक्षा झाली. टोपी बनवायचं माझ्याकडे आलं. माझ्या ड्रॉवरमध्ये तो पुठ्ठ्याचा पासपोर्ट अजून होता, कुलपासकट. मी तो तिच्यापुढे ठेवला. तिने उलटसुलट करून बघितला.

"हा त्याचा आहे. माझ्या टोपीवर नको."

"मग काय लावू?"

"विहीर लावा. आणि एक करा, त्या दिवशी कुणी फोटो काढायचा नाही."

मी सगळ्यांना तसं सांगितलं. लोकांना विचित्र वाटलं, पण ऐकलं. परीक्षा संपली, दार उघडलं, ती बाहेर आली, मी टोपी तिच्या डोक्यावर ठेवली. आणि प्रोफेसरांनी सवयीने मोबाईल काढला. मी त्यांच्यासमोर जाऊन उभा राहिलो.

"फक्त एक," ते म्हणाले. "आठवण म्हणून."

"एकही नाही."

इतक्या वर्षांत मी त्यांना नाही म्हटलं नव्हतं. त्यांनी माझ्याकडे बघितलं, मग मोबाईल खिशात ठेवला. माझा चेहरा कसा झाला होता मला माहीत नाही. मागे कुणीतरी केकसाठी सुरी मागत होतं. टोपी थोडी मोठी झाली होती, तिच्या कानांपर्यंत उतरली. तशीच ठेवून तिने केक कापला.