पडद्यावर मेलेले अब्बा

फ्रेंच सिनेमासाठी मी तीन पटकथा लिहिल्या. पहिल्या दोन सिनेमांना प्रेक्षकच मिळाले नाहीत. तिसरी अब्बांवर होती.

अब्बा अबुधाबीजवळ मुसफ्फातल्या एका वर्कशॉपमध्ये वेल्डिंगचे फोरमन. आठवडाभर कंपनीच्या कॅम्पात, सुट्टीला शारजात, रोल्लात आमच्याकडे. मी शाळेत शिकलेल्या फ्रेंचवर पुढे मेहनत घेतली आणि दुबई मरीनात राहणाऱ्या एका फ्रेंच दिग्दर्शकासाठी लिहू लागले. रत्नागिरीकडची मुलगी आपल्या भाषेत लिहिते, याचं त्याला भारी कौतुक. पाहुण्यांना तो मला दाखवायचा, नवा सोफा दाखवावा तसा.

पटकथा वाचून तो म्हणाला, "सुंदर! फक्त शेवटी हा माणूस मरायला हवा. नाहीतर पॅरिसमध्ये कोण रडणार?"

दोन दिवस मी भांडले. तिसऱ्या दिवशी अब्बांना परांचीवरून खाली पाडलं. इतकं छान लिहिलं, की वाचताना माझेच डोळे भरून आले.

पहिल्या खेळाला अब्बा इस्त्रीचा पांढरा शर्ट घालून आले. लेखक म्हणून एकट्या दिग्दर्शकाचं नाव झळकलं. मी अगदी शेवटी होते, जेवण पुरवणाऱ्यांच्या खाली: स्थानिक सल्लागार. बाहेर त्याला गाठलं तर खांद्यावर हात ठेवून म्हणाला, "हबीबी, निर्माता ऐकेचना. पुढच्या वेळी, इन्शाल्ला."

गाडीत मी नुसती धुमसत होते. शारजा जवळ आलं तेव्हा अब्बा बोलले.

"तो पडला तो मीच ना, बेटा?"

"सिनेमा आहे, अब्बा. त्यांना तसं हवं होतं."

"माझ्या हाताखाली इतकी वर्षं एकही माणूस पडला नाही. सेफ्टीचा पट्टा लावल्याशिवाय मी कुणाला वर चढू दिलं नाही. शिव्या खाल्ल्या, पण चढू दिलं नाही." मग म्हणाले, "तेवढं एकच काम मी धड केलं. तू ते लिहिलं नाहीस."

खरं सांगायचं तर तेव्हाही माझ्या डोक्यात माझंच नाव होतं.

त्या सिनेमाला परदेशात बक्षीस मिळालं. त्या मरणातल्या सच्चेपणाचं समीक्षकांनी तोंड भरून कौतुक केलं. मी आता बिल्डरांच्या जाहिराती फ्रेंचमध्ये करते. अब्बा रिटायर होऊन कोकणात गेलेत. फोनवर जेवलीस का विचारतात, ऑफिसचं विचारतात. काय लिहितेस, हे मात्र कधीच विचारत नाहीत.