फर्नबीबाईंची खुर्ची

अर्लीन ग्रॅबोव्स्की म्हणजे खमकी बाई. बरबँकच्या कार्टून स्टुडिओत तिची हयात गेली. तरुणपणी अकरा वर्षं तिने ‘फर्नबी कुटुंब’ची चित्रं रंगवली. आई, बाप, दोन मुलं, सकाळचा नाश्ता, आणि सगळा देश खो खो हसायचा. आता त्याच कुटुंबावर मोठ्यांसाठी तिरकस मालिका निघत होती, आणि त्रेसष्टाव्या वर्षी अर्लीनने पहिल्यांदाच स्वतःचा भाग रचून आणला होता. तो पास करून घ्यायचाच, या तयारीनेच ती आली होती.

तिथली रीत अशी, की चित्रांचे कागद भिंतीवर टाचायचे आणि सगळ्यांचे आवाज काढून गोष्ट करून दाखवायची. खोली हसली नाही की कागद खाली!

तिच्याआधी कोल नावाच्या लेखकाने फर्नबीबाईंना दारू पाजून शेजाऱ्याच्या गळ्यात पडायला लावलं. लोक फिदीफिदी हसले.

“ही कसली डोंबलाची टीका?” अर्लीन म्हणाली. “दारू काय, कुणीही पाजेल. सरक बाजूला.”

तिच्या गोष्टीत आई वाढता वाढता खाली बसते. बस्स, एवढंच. मग बापाला बशी सापडेना, पोरांना मोजे सापडेनात. “हॅलो, पोलीस? अहो, बायको बसलीय!” अर्लीनने बापाचा घोगरा आवाज असा काढला, की कोललाही हसू फुटलं. पण शेवटच्या कागदावरही आई फरशीवरच बसलेली होती, आणि तिथे खोली हसली नाही. मालिकेचा प्रमुख ट्रेव्हर उठला, कागद उतरवायला त्याने पहिल्या टाचणीला हात घातला.

“अर्लीनबाई, आई फरशीवर का बसलीय?”

“खुर्च्या तीनच आहेत म्हणून. जुने भाग लावून बघा की!”

लावले. खरंच तीन. अकरा वर्षांत बाई एकदाही बसली नव्हती.

“कमाल आहे! आणि कुणाच्या लक्षात आलं नाही?” ट्रेव्हर म्हणाला.

“पहिल्या कच्च्या चित्रात चार होत्या. बाई उभीच असते, चौथी कशाला रंगवत बसता, असं तेव्हाचे साहेब म्हणाले. मग मीच खोडली, या हाताने. आणि खरं सांगू? तेव्हा मला काही वाटलंही नाही. उलट काम वाचलं म्हणून बरंच वाटलं.”

ट्रेव्हर टाचणी सोडून खाली बसला. “पुन्हा पहिल्यापासून दाखवा,” तो म्हणाला.

या खेपेला कुणी हसलं नाही, आणि एकही कागद खाली आला नाही.