चौकशीच्या खिडकीतला मुलूख

सुप्यावरून आलेल्या गाडीचा कंडक्टर तिकिटांचा ट्रे काखेत धरून माझ्या पासाच्या खिडकीशी आला आणि म्हणाला, "ताई, तुमचे नाना गेले." मी एका कॉलेजच्या मुलीचा फोटो पासावर चिकटवत होते. "कोणते नाना?" असं मी विचारलं, हे कबूल केलेलं बरं. नगरच्या स्टँडवर नाना पुष्कळ असतील, पण माझे म्हणावेत असे एकच होते आणि ते मला न कळण्याचं काही कारण नव्हतं. "चौकशीवाले," तो म्हणाला. "मंगळवारीच गेले, लेकीच्या घरी. मला वाटलं तुम्हाला कळलं असंल..." त्या दिवशी शुक्रवार होता. सुपं इथून तासाभराच्या अंतरावर. दिवसभर गाड्या येतात-जातात, आणि एवढ्याशा रस्त्यावरून ही बातमी यायला तीन दिवस लागले. मी फोटो चिकटवला, शिक्का मारला, मुलीला पास दिला. शिक्का उलटा बसला होता, ते संध्याकाळी तिनंच येऊन दाखवलं.

नाना म्हणजे स्टँडवरच्या चौकशीच्या खिडकीत बसणारे आणि माइकवरून गाड्या पुकारणारे शंकरनाना. त्यांची खोली आणि माझी पासाची खोली यांच्यामध्ये प्लायवूडची भिंत होती आणि भिंतीत वहीएवढी एक सरकती फळी. शाईचा पॅड दोघांत एकच, तो इकडून तिकडे द्यायला कुणीतरी कधीतरी ती करून घेतली असावी. मी नोकरीला लागले तेव्हा तिशीची होते, लग्न मोडून आलेली, सावेडीत एका खोलीत राहणारी, आणि कुणी दोन शब्द जास्त बोललं की त्याच्या अंगावर जाणारी. पहिल्याच आठवड्यात नानांनी कपातला अर्धा चहा स्वतःसाठी बशीत ओतून घेतला आणि अर्ध्या चहाचा कप पॅडबरोबर माझ्याकडे सरकवला. मी तो परत सरकवला. दुसऱ्या दिवशी पुन्हा कप आला. चौथ्या दिवशी मी तो प्यायले, तेही डोकं दुखत होतं म्हणून. त्यानंतर बारा वर्षं दुपारचा चहा आमच्याकडे एकच आला.

त्यांचं पुकारणं ऐकायला मी हातातलं काम थांबवत असे. "अकोले गाडी फलाट सातला लागली हाय... डांगाणातल्या मंडळींनी सामान घेऊन पुढं व्हावं." मग थोड्या वेळानं, "नेवासे गाडी... गंगथडीकर, घाई करू नका, गाडी तुमचीच हाय." हे काही नियमात बसत नव्हतं. पण ज्या म्हाताऱ्यांना गाडीची पाटी वाचता येत नसे, त्यांना आपल्या मुलखाचं नाव बरोबर ऐकू येई आणि त्या पदर सावरत उठत. शाळेच्या भूगोलात मला ही नावं कधी भेटली नव्हती. गोदावरीला आमच्याकडे गंगाच म्हणतात, तिच्या काठचे ते गंगथडीकर. खाली श्रीगोंद्याच्या अंगाला भीमेच्या काठची ती भीमथडी. पारनेरकडचे पठारावरचे, अकोल्याच्या डोंगरातले डांगाणी, आणि पाथर्डी ओलांडून गेलं की पुढं बालाघाटी. एका जिल्ह्याच्या स्टँडवर एवढे सगळे लोक रोज खांद्याला खांदा लावून उभे असतात आणि मला ते सगळे नुसते प्रवासी दिसत होते.

नाना माणूस बघून त्याचा मुलूख सांगत. आमची पैज अशी की, समोरच्यानं गावाचं नाव घ्यायच्या आत त्यांनी फळीतून मला हळूच सांगायचं. चुकले तर चहा त्यांचा, बरोबर आलं तर माझा. ते आधी पाय बघत. वहाणेला काळी माती की तांबूस मुरूम, ते बघून अर्धं काम व्हायचं. मग भाकरीच्या फडक्याची गाठ, पागोट्याचा वेढा. एवढ्यानंही जमलं नाही तर पहिला शब्द. कुणी "कामून हो, गाडी न्हाई आली?" असं म्हटलं की फळीतून आवाज यायचा, "शेवगावच्या पल्याडचा." आणि तो माणूस शेवगावच्या पलीकडचाच निघायचा. बहुतेक चहा माझ्याच पैशांचा झाला. एक मात्र सांगायला हवं, नाना मुलूख ओळखत, जात विचारत नसत.

मला ते फार मोलाचं होतं. माझे वडील पोलिसात हवालदार, दर तीन वर्षांनी बदली. आम्ही बौद्ध. नव्या गावात भाड्यानं खोली बघायला गेलो की मालकीण आधी आडनाव विचारी, त्यावरून नीट उलगडलं नाही की, "मूळच्या कुठल्या तुम्ही?" हा प्रश्न साधा नसतो, हे मला सातव्या वर्षी कळलं होतं. आई गप्प बसायची, मी बसत नसे. पुढं कुणीही विचारलं की मी "इथलीच" म्हणून तोंड फिरवायला शिकले. बोलणंही सगळ्या गावांचं मिसळून कुठलंच न राहिलेलं. नानांनी येणाऱ्या-जाणाऱ्या सगळ्यांना ओळखलं, फळीपलीकडे बसलेल्या मला मात्र कधी विचारलं नाही. मला वाटायचं, विचारतील एक दिवस. त्या दिवसाची मी थोडी भीतीच बाळगून होते.

स्वतः नाना गंगथडीचे. त्यांचं गाव धरणात गेलं तेव्हा ते आधीच नोकरीत होते. गाव फोडून दोन-तीन ठिकाणी वसवलं. नाना त्यातल्या कुठल्याच ठिकाणी गेले नाहीत. तिथल्या जुन्या रहिवाशांनी या लोकांना गावाच्या नावानं हाक मारली नाही, सरसकट "बुडितातले" म्हटलं. नानांना त्या शब्दाचा संताप होता. "बुडालं त्ये गाव," ते म्हणायचे, "आमी न्हाई बुडालो. आमी गंगथडीकर." आणि हे म्हणताना मान अशी ताठ करायचे की मला हसू यायचं. मी त्यांना त्यावरून पुष्कळ चिडवलंय.

मग एक दिवस निराळंच घडलं. दिवाळी नुकतीच झालेली, ऊसतोडीला निघालेल्या टोळ्यांनी स्टँड भरून गेलेला. एक वाळलेला म्हातारा चौकशीच्या खिडकीशी येऊन नुसता उभा राहिला, काही विचारीना. नानांनी त्याच्याकडं नीट पाहिलं, मला फळीतून "बालाघाटी" असं सांगितलं आणि पुन्हा तिकडं वळून मोठ्यानं म्हणाले, "बसा बाबा. आष्टीच्या गाडीला अर्धा तास हाय." म्हातारा तसाच उभा. मग म्हणाला, "आरं शंकर, म्या रंभाजी. गंगंच्या वाळूत तुह्यासंगट खेकडी धरायचो, त्यो." नाना खुर्चीवरून उठले. खिडकीतून वाकून त्याचा चेहरा पुन्हा न्याहाळू लागले. रंभाजी थोडा वेळ थांबला. "तू बी न्हाई वळाखलं," तो म्हणाला. "मंग ऱ्हाऊ दे." त्याच्या आवाजात राग नव्हता, असता तर बरं झालं असतं. त्यानं फलाट विचारला आणि तो गेला. त्याची गाडी खरंच आष्टीची होती.

रंभाजीचं मधल्या काळात काय झालं ते नानांनी गाववाल्यांकडून काढलं आणि मला नंतर तुकड्यातुकड्यांनी सांगितलं. रंभाजीला गंगेकाठच्या काळ्या रानाच्या बदल्यात मिळाला तो माळ. तिथं काही पिकेना, म्हणून तो आष्टी-पाटोद्याच्या टोळीबरोबर कोयता घेऊन जाऊ लागला. वीस वर्षं त्यांच्यात काढली. पागोटं त्यांच्यासारखं झालं, बोली त्यांची झाली. म्हणजे नाना एका अर्थी चुकले नव्हते, आणि तेच त्यांना सहन झालं नाही. दुसऱ्या दिवसापासून ते गाडीच्या पाटीवर असेल तेवढंच पुकारू लागले. अकोले, फलाट सात. नेवासे, फलाट तीन. पैज बंद झाली. चहा येत राहिला, पण फळी उघडून कप सरकवला की फळी परत लागायची.

मी म्हटलं, "नाना, एक दिवसाची रजा टाका आणि जाऊन या त्यांच्याकडे."

"काय तोंडानं जाऊ, ताई? आख्खा जिल्हा वळाखतो म्हनून मिरवलो. घरचा मानूस दारात आला तर त्याला आष्टीची गाडी दाखवली."

मी फार ताणलं नाही. मोठ्या माणसाला किती सांगायचं, असं मनाशी म्हटलं. खरं तर ताणायला हवं होतं. मला कुणी जवळ येऊन बोललेलं खपत नसे, म्हणून दुसऱ्यालाही खपणार नाही असं मी धरून चालत आले, आणि त्यात माझं बरंच काही हातचं गेलं आहे.

दोन वर्षांनी ते निवृत्त झाले. टॉवेल, टोपी, नारळ झालं, एका साहेबांचं भाषण झालं. बायको आधीच गेलेली, म्हणून ते सुप्याला लेकीकडे राहायला गेले. जावई तिथल्या कारखान्यात होता. जाताना त्यांनी फळीतून शाईचा पॅड सरकवला आणि म्हणाले, "आता ह्यो तुमच्याकडंच ठिवा."

पुढच्या उन्हाळ्यात मी त्यांना भेटायला गेले. एकदाच. कारखान्याच्या वसाहतीच्या फाटकापाशी खुर्ची टाकून ते बसले होते. पाळी सुटली होती आणि कामगारांचे घोळके समोरून चालले होते. "हितं कुनीच वळखू येत न्हाई," ते म्हणाले. "समदे निळे." कपड्यांबद्दल बोलत होते. मी आणलेले पेढे त्यांनी नातीला देऊन टाकले आणि मग, माझ्याकडं न बघता, म्हणाले, "गेल्तो मी. रंभाजीकडं."

"मग? भेटले?"

"माघात गेला त्यो. मी चैतात गेलो."

त्यांनी खुर्ची जरा सावलीत ओढली. मग त्यांनीच सांगितलं. रंभाजीच्या सुनेनं दारातच विचारलं होतं, तुमी कुटले? "मला सांगताच ईना, ताई. गंगथडी म्हनावं तर ती पान्याखाली. सुपं म्हनावं तर मी जावयाच्या दारचा. मी म्हनलो, नगरच्या स्टँडवरचा. ती म्हनली, आसं गाव हाय व्हय? मी म्हनलो, हाय." आणि मग माझ्याकडं वळून, अगदी जुन्या आवाजात, "तुमी इतक्या वर्सांत सांगितलं न्हाई, मी इचारलं न्हाई. पर मला पयल्या दिशीच कळलं हुतं."

इतक्या वर्षांनी, यांच्याही तोंडून तेच यायचं, असं वाटलं. "काय कळलं होतं?" मी जरा तोडूनच विचारलं.

"तुमी बी तितल्याच. गंगथडीकर आसत्यात, तसं आपन फलाटकरी. दोनच घरं हायेत त्या गावात, पर गाव हाय."

मी हसले, तेही हसले. परतीच्या गाडीत मात्र मला रडू आवरेना. त्याआधी मला कुणी अमक्या गावची म्हटलं नव्हतं. निघताना मी "दिवाळीला येते" असं सांगितलं होतं. दिवाळी गेली, संक्रांत गेली. पास द्यायच्या कामात उसंत नव्हती, हे मी स्वतःला सांगत राहिले. जिल्हाभर कुठंही फुकट जाता येईल असा नोकरीचा पास माझ्या पर्समध्येच होता. फाल्गुनात नाना गेले. बातमी आल्यावर मी सुप्याला गेले तेव्हा त्यांच्या लेकीनं सांगितलं की, दुपारची नगरची गाडी यायची वेळ झाली की नाना खुर्ची रस्त्याकडे वळवून बसायचे. ती हे सहज म्हणाली. मी तिच्याकडं बघू शकले नाही.

त्याला आता सहा आठवडे झाले. चौकशीच्या खिडकीत नाना निवृत्त झाल्यापासून नवा माणूस आहे, कामाला चोख, पाटीवरचं स्पष्ट वाचतो. त्याचा स्वतःचा पॅड आहे, आणि त्यानं त्याच्या बाजूनं फळीवर कॅलेंडर ठोकलं आहे, त्यामुळे ती आता सरकत नाही. मागच्या सोमवारी एक म्हातारी चुकून माझ्या खिडकीशी आली. डोक्यावर गाठोडं, वहाणेला तांबडी माती. मला काय सुचलं कोण जाणे, मी म्हटलं, "डांगाणात जायचंय का, आजी?"

"व्हय गं माय," ती म्हणाली. "तुला कसं कळलं?"

मी उठून तिचं गाठोडं घेतलं आणि तिला सात नंबरच्या फलाटावर नेऊन गाडीत बसवलं. बसल्यावर तिनं विचारलं, "आन् तू कुटली गं?" जुनं उत्तर जिभेवर तयार होतं. पण तोंड फिरवावंसं वाटलं नाही. मी म्हटलं, "हितलीच आजी. फलाटावरची."

"फलाटावरची?" तिनं मान हलवली, तिला त्यात नवल वाटलेलं दिसलं नाही. "किती घरं हायेत तुमची?"

"दोन होती," मी म्हटलं. "आता एकच."

गाडी सुटली. खोलीत परत आले तेव्हा दुपारचा चहा येऊन निवला होता. अर्धा मी प्यायले, आणि उरलेल्या अर्ध्याचा कप, नाना सरकवायचे तसा, फळीकडे सरकवला.