पाठमोऱ्या बापाचं वाक्य

जपानमधल्या कानाझावाच्या चित्रपटगृहात तोकुसाबुरो पडद्याशेजारी उभा राहून मुक्या चित्रांना बोलतं करायचा. म्हातारा, नवरी, चोर, सगळे त्याच्याच गळ्यातून बोलत. लोक नटांना बघायला नव्हे, त्याला ऐकायला येत, आणि हे त्याला जरा जास्तच ठाऊक होतं.

त्याचं सगळ्यात गाजलेलं चित्र एका सामुराईचं होतं. मुलगी हलक्या घरात लग्न करते, म्हणून बाप कुळाच्या अब्रूखातर तिला भर बर्फात दाराबाहेर ठेवतो. बाप पाठमोरा बसलेला, तोंड दिसत नाही. तिथे तोकुसाबुरो गरजायचा, "या घराला मुलगी नव्हतीच!" बायका किमोनोच्या बाहीने डोळे पुसायच्या.

हेच वाक्य तीन वर्षांपूर्वी तो घरीही गरजला होता. त्याची एकुलती एक इने कौलं शाकारणाऱ्या एका पोराशी लग्न करून गेली तेव्हा. शहाण्याला वाक्य पाठच होतं ना!

मग एके दिवशी सकाळी भाताचा वाडगा पुढे ठेवत बायको ओशिगे म्हणाली, "इने उद्या तिकडे दूर उत्तरेला, होक्काइदोला चाललीय. कायमची. दुपारी तुमच्या खेळाला येणारेय."

"येऊ दे. तिकीट काढलं की कुणीही येतं."

"पडद्यासाठी दहा तोंडं आहेत तुम्हाला, आणि पोरीसाठी एक नाही!"

दुपारी बायकांच्या बाजूला, खांबाजवळ, इने बसली होती. पाठीवर बाळ. तोकुसाबुरोने पाहून न पाहिल्यासारखं केलं. पण पडद्यावर तो पाठमोरा बाप आला आणि त्याचा आवाजच फुटेना. यंत्राचा दांडा फिरवणाऱ्या गेंपाचीने हे ओळखून हात सैल केला. पडद्यावरचा बर्फ सावकाश पडू लागला.

"गुरुजी, डुलकी लागली काय?" पुरुषांच्या बाजूने कुणीतरी ओरडलं.

"बाहेर गारठा आहे," तोकुसाबुरो हळूच म्हणाला. "बाळाला घेऊन आत ये, पोरी."

"अहो, बाळ कुठंय? आणि दार तर बंद आहे!" मघाचाच प्रेक्षक ओरडला.

"दार बापानेच लावलंय. आता उघडायची लाज वाटते, म्हणून गाढव पाठ फिरवून बसलाय."

हशा पिकला. पडद्यावरची मुलगी मात्र ठरल्याप्रमाणे उठली आणि बर्फातून निघून गेली. तिला थांबवणं त्याच्या हातात नव्हतं.

खेळ संपला, चटया रिकाम्या झाल्या. खांबाजवळची उठली नव्हती. तोकुसाबुरो खाली उतरून तिच्यापुढे गुडघे टेकून बसला. 

"याचं नाव काय ठेवलंस?" एवढंच त्याने विचारलं.