दोघेही गैरहजर

आमचे मामंजी, म्हणजे माझे सासरे, तंजावरी मराठी, मी साताऱ्याची. तांबरमच्या घरातल्या अर्ध्या हिश्श्यासाठी त्यांनी धाकट्या भावावर दावा लावला होता. भाऊ त्या घरात राहायचे, आम्ही त्याच शहरात नुंगंबाक्कमला भाड्याने. दावा लागल्यापासून दोघांनी एकमेकांचा उंबरा ओलांडला नव्हता.

त्या शुक्रवारी वकिलांचा कोर्टाच्या कामावर बहिष्कार होता, म्हणून पक्षकारांनी स्वतः हजर राहायचं होतं. आम्ही रहदारीत अडकलो आणि कोर्टाच्या फाटकाशी पोहोचेपर्यंत साडेदहा वाजून गेले. मामंजी तिथेच थबकले. शुक्रवारी साडेदहा ते बारा राहुकाल. त्या वेळात महत्त्वाच्या कामाला ते पाऊल उचलत नाहीत.

"मामंजी, आत नाव पुकारतील हो!"

"पुकारूं देत. बारा वाजूं देत."

माझं डोकंच फिरलं. मी तरातरा एकटीच आत गेले. शिपायाने दारात उभं राहून दोन्ही भावांची नावं तीन-तीनदा पुकारली. कुणीच पुढे झालं नाही. मी धीर करून म्हटलं, "सासरे बाहेर आहेत." न्यायाधीशबाईंनी मान वर केली. "मग आत का नाहीत?" त्यांनी शांतपणे दावा काढून टाकला आणि पुढची फाइल उघडली. ज्या भांडणाने आमच्या घरातले सणवार बेचव केले, ते एका वाक्यात संपलं.

बाहेर येऊन बघते तर फाटकाजवळच्या कडुनिंबाच्या पलीकडच्या बाकावर, आमच्याकडे पाठ करून, चुलतसासरे घड्याळ बघत बसलेले! शेवटी एकाच आईने वाढवलेले ते. हसावं की रडावं कळेना.

झालेलं मी दोघांनाही सांगितलं. मामंजींचा चेहरा पडला. त्यांनी वकिलांना स्पीकरवर फोन लावला. "अर्ज केला तर दावा परत लागेल," वकील म्हणाले, "पण समोरचे हरकत घेतील." समोरच्यांना, म्हणजे चुलतसासऱ्यांना, तर घर बसल्या जागी मिळालं होतं. ते हसत निघून जातील असं मला वाटलं. पण ते उठून मामंजींपुढे येऊन उभे राहिले.

"अण्णा, अर्ज घाल. मी हरकत घेणार नाहीं."

"कां?"

"केस नाहीं तर तूं मला कुठें दिसशील?"

मामंजींनी वकिलांचा फोन मध्येच बंद केला.

"घरीं," ते म्हणाले.