न कापलेला फ्रेंच सिनेमा आणि बाबांचा इकामा

पुण्यात आमच्या संघटनेची पत्रकं मी लिहायचे. त्यामुळे सेन्सॉरची कात्री दिसली की माझा हात आपोआप उद्गारचिन्हाकडे जातो. मोठ्या माणसांनी काय पाहावं हे ठरवणारा तिसरा माणूस मला पुण्यातही मान्य नव्हता. फिल्म सोसायटीत एक फ्रेंच सिनेमा पाहिला होता: एक जोडपं, एक खोली आणि त्यांची जवळीक. त्यातली निम्मी जवळीक कापलेली. तोच सिनेमा अखंड डिस्कवर आल्याचं कळलं तेव्हा मी सौदीत, रास तनुराला आई-बाबांकडे होते. इथे आता मॉलमध्ये सिनेमागृहं आहेत, गाण्याचे कार्यक्रम होतात. मग एका डिस्कने काय बिघडतं? मागवली. पत्ता बाबांचा, फोन बाबांचा, म्हणून नावही त्यांचंच टाकलं.

पार्सल कस्टम्सच्या तपासणीत अडकलं आणि बोलावणं बाबांना आलं. बाबा रिफायनरीत इंजिनिअर. त्यांचा इकामा, म्हणजे इथे राहायचा परवाना, नूतनीकरणाला आलेला. त्यात काही खोट निघाली की संसार गुंडाळून नाशिक. गाडीत मी त्यांना कलास्वातंत्र्याचे मुद्दे समजावत होते. त्यांनी एसी वाढवला.

काउंटरवरचा अधिकारी माझ्याच वयाचा, फार सभ्य. कव्हरवरचं चित्र दिसू नये म्हणून डिस्क त्याने पालथी ठेवली होती. बाबांचा इकामा मागून घेऊन तो तिच्यावर ठेवला आणि इंग्रजीत विचारलं, यात काय आहे? मी तोंड उघडलं. बाबांनी माझ्या पायावर पाय दिला आणि गोष्ट सांगायला लागले.

सिनेमा त्यांनी पाहिलेलाच नव्हता. म्हणाले, नवराबायकोची कुरबुर चाललेली असते, त्यात नवऱ्याची आई गावाहून राहायला येते. अधिकाऱ्याने पेन खाली ठेवलं. मुलगा कोणाची बाजू घेतो, त्याने विचारलं. बाबांनी जरा विचार करून म्हातारीला आजारी पाडलं. मग सून तिची सेवा करते. पॅरिसमध्ये सून सासूचे पाय चेपतेय हे ऐकून माझ्या अंगाचा तिळपापड झाला.

"मग शेवटी?" अधिकाऱ्याने विचारलं.

"शेवटी सगळे एकत्र जेवतात," बाबा म्हणाले.

तो समाधानाने हसला. गोष्ट चांगली आहे, म्हणाला, पण कव्हरवाल्यांनी घोळ केलाय. डिस्क इथेच राहील, पुन्हा असलं काही मागवू नका. आणि इकामा परत दिला. मी निषेध नोंदवायला पुढे सरकले, तर बाबा दाराशी पोचलेसुद्धा. "खलास. यल्ला, चल."

गाडीत मी बरसले. कुठल्या सेन्सॉरने केली नसेल एवढी मोडतोड तुम्ही केलीत. त्यात सासू नाही, आजारपण नाही, आणि शेवटी ते दोघं वेगळे होतात.

बाबांनी इकामा पाकिटात घातला, पाकीट खिशात, आणि खिसा वरून चाचपला.

"वेगळे का होतात?"

"ते सांगितलेलंच नाही. तीच तर त्यातली ताकद आहे."

"बरं झालं बाई, तू गप्प राहिलीस," बाबा गाडी सुरू करत म्हणाले. "कारण कळल्याशिवाय त्याने मला सोडलं नसतं."