शूटिंगवाल्या काकांची फिल्म

पंचवटीत ज्यांना शूटिंगवाल्या काकांनी "जरा नॅचरल हसा!" म्हणून दरडावलं नाही, त्यांचं लग्न झालं असं मी मानायलाच तयार नाही. काका आमच्या खालच्या मजल्यावर राहतात. लग्नांचं शूटिंग हा त्यांचा तीस वर्षांचा धंदा, आणि सगळं जग हा एक मांडव आहे ही ठाम समजूत. मध्ये कुणाचं डोकं आलं म्हणून मंगळसूत्र दोनदा घालायला लागलेली निदान चार जोडपी माझ्या ओळखीची आहेत. त्यातलं एक आमचंच.

गेल्या वर्षी काकू गेल्या. दहाव्याला रामकुंडावर कावळा पटकन पिंडाला शिवून उडाला, तर कॅमेरा डोळ्याला लावलेले काका ओरडले, "अरे, परत बोलवा रे त्याला!" गुरुजी गोरेमोरे झाले. मला हसू आलं आणि त्याची लाजही वाटली.

मग त्यांनी काकूंवर फिल्म काढायला घेतली. दिसेल त्याला गाठून विचारायचे, "ती गेल्यावर तुम्हाला काय वाटलं?" भाजीवाल्या मावशी म्हणाल्या, "लय हक्काची बाई. माझ्यापाशी बसून मेथी निवडायची. आता नाय कुणी बसत." मावशी रडल्या, रिक्षावाले रडले; काका मात्र "साउंड ओके" म्हणून पुढे जायचे. स्वतःबद्दल एक अक्षर नाही. झोप उडालेली, ताटातलं अर्धं तसंच. नांदगावला दिलेली त्यांची मुलगी मला रोज फोन करायची, "दादा, बाबा माझ्याशी बोलतच नाहीत. भीती वाटते हो मला." भीती मलाही वाटत होती.

एका रविवारी दुपारी मुलगी नांदगावहून आली होती, तेव्हा काकांनी घरातच आम्हाला फिल्म दाखवली. त्यांना एडिटिंग येतं ते फक्त लग्नाचं. त्यामुळे रडणाऱ्या मावशींवर गुलाबाच्या पाकळ्या पडत होत्या, मागे सनई वाजत होती आणि काकूंचा फोटो बदामातून गिरक्या घेत बाहेर येत होता. सगळे श्वास रोखून बसलेले. मुलगीच आधी फिस्सकन हसली. "आई असती तर तुम्हाला घराबाहेर काढलं असतं बाबा!" काकाही हसले, अगदी पोट धरून, आणि हसता हसता रडायला लागले.

मी धीर करून त्यांचाच प्रश्न विचारला, "काका, तुम्हाला काय वाटलं?"

"मला झोप येत नाही रे. सकाळी उठायचं ते कशासाठी, तेच कळत नाही. कधीकधी जगावंसंच वाटत नाही."

मुलीनं त्यांचा हात धरला. "उद्या डॉक्टरांकडे जाऊ."

"मनाच्या?"

"हो, मनाच्या."

"चल," काका म्हणाले. इतकं सोपं असेल असं वाटलं नव्हतं. त्या दिवशी कितीतरी महिन्यांनी मी सुटकेचा निःश्वास टाकला.

आता गोळ्या चालू आहेत, दर पंधरवड्याला डॉक्टरांशी बोलणं चालू आहे, मुलीला स्वतःहून फोन जातो. फिल्म नव्याने करायला घेतली, ती मात्र अडली आहे. तीस वर्षांच्या कॅसेटींत काकूंचा एकही शॉट नाही, कारण काकू कायम लाइट हातात धरून काकांच्या मागे उभ्या असायच्या. परवा कुणाच्या तरी लग्नाच्या कॅसेटमध्ये त्यांचा नुसता आवाज सापडला: "अहो, पंगत उठेल. आधी जेवून घ्या." काका तो रोज दुपारी लावतात, आणि निमूटपणे पानावर बसतात.